ताबा आईचा, रविवार बाबांचा

गिरण्यांचा संप सुरू झाला तेव्हा मी चौथीत होते. करी रोडच्या चाळीतल्या आमच्या एका खोलीत आई, बाबा, मी आणि बाबांच्या गावचे पाच-सहा कामगार राहायचे. सगळे मालवणकडचे. त्यांची बायकामुलं गावाला. पाळीप्रमाणे ते यायचे, जेवायचे, झोपायचे, जायचे. त्यांची खानावळ आई चालवायची. सकाळी उठावं तर आई स्टोव्हपाशी आणि झोपताना बघावं तरी स्टोव्हपाशीच.

शिमग्यापर्यंत संप मिटेल असं सगळे म्हणत होते. शिमगा आला नि गेला. शिमग्याला गावी गेलेले आमच्या खानावळीतले कामगार परत आलेच नाहीत. खोली मोकळी झाली, स्टोव्ह थंड पडला. मला तर मजा वाटली, कारण पहिल्यांदाच घरात हातपाय पसरून झोपायला मिळालं. बाबा मात्र दिवसभर गॅलरीत उभे राहून खाली बघत असायचे. मागावर वीस वर्षं उभं राहिलेला माणूस, त्याला बसायची सवयच नव्हती.

एके दिवशी आई म्हणाली, "उद्यापासून मी बाजारात बसते."

आई वरळी कोळीवाड्यातली. लग्नाआधी ती तिच्या आईबरोबर गिरणीच्या गेटासमोर टोपली घेऊन बसायची. बाबा तिथेच बांगडे घ्यायला यायचे आणि गरजेपेक्षा जास्त बांगडे घेऊन जायचे, असं मामा हसून सांगायचा. दोन्ही घरच्यांचा विरोध असताना त्यांनी लग्न केलं. बाबांच्या घरच्यांची एकच अट होती, सून बाजारात बसता कामा नये. बाबांनी ती मान्य केली होती. आईनेही केली होती. पण तेव्हा गिरणी चालू होती.

"माझी बायको मासे विकत बसणार नाय," बाबा म्हणाले.

"मग पोरीला काय घालू?" आईने विचारलं. ती बाबांना अरे-तुरे करायची. कोळीवाड्यात तसंच चालायचं. "तू सांग. तू म्हणशील ते घालते."

बाबांचा आवाज चढला. आईचा त्यांच्याहून चढला. असं आठवडाभर चाललं. शेवटी आई बाजारात बसलीच, आणि त्या संध्याकाळी बाबा म्हणाले, "बसायचंच असेल तर तुझ्या घरून बस." रागात बोलले असतील. पण आईने ते शब्द धरले. माझं दप्तर, दोन पिशव्या आणि मला घेऊन ती कोळीवाड्यात निघून आली. बाबा दारात उभे होते. त्यांनी अडवलं नाही आणि आईने मागे वळून बघितलं नाही.

माझी शाळा तीच राहिली. मामा मला रोज सकाळी बसने सोडायचा आणि दुपारी न्यायला यायचा. पाचवीत गेले त्या पावसाळ्यानंतरची गोष्ट. शाळा सुटली तर मामा अजून आलेला नव्हता आणि फाटकाशी बाबा उभे. हातात एक पत्र्याची ट्रंक.

"चेडवा, गावाक जावया?" बाबा म्हणाले. मालवणीत मुलीला चेडू म्हणतात. लाडात असले की ते मला अशी हाक मारायचे.

मी हुरळून गेले. गाव म्हणजे समुद्र, काजूची झाडं, बाबांच्या घराच्या मागचा ओहोळ. आम्ही परळच्या एसटी डेपोत येऊन बसलो. बाबांनी मला वडा घेऊन दिला. त्यांनी स्वतः काही खाल्लं नाही. बोलता बोलता मला कळलं की ट्रंकेत माझ्यासाठी नवा फ्रॉक आहे, गावच्या शाळेच्या मास्तरांशी बोलणं झालंय, आणि आजी वाट बघतेय. म्हणजे हे सुट्टीपुरतं जाणं नव्हतं.

"आईला सांगितलंत?" मी विचारलं.

"गावाहून पत्र टाकूया."

"पण आज ती मला कुठे शोधेल?"

एवढ्यात गाडी लागली. माणसं चढली, टपावर सामान चढलं. बाबांनी ट्रंक उचलली, एक पाय पायरीवर ठेवला आणि माझ्याकडे हात केला. "येतंस ना?"

मी म्हटलं, "मी आईला विचारून येते. तुम्ही इथेच थांबा हां."

आता आठवलं की हसू येतं. परळहून वरळीला एकटी कशी जाणार होते आणि गाडी तोवर कशी थांबणार होती! पण मी अगदी मनापासून म्हटलं होतं. बाबा तसेच उभे राहिले, एक पाय वर, एक खाली. कंडक्टरने दोनदा ओरडून विचारलं, "ओ, चढताय की नाय?" बाबांनी पाय खाली घेतला. गाडी गेली. ते थोडा वेळ ट्रंकेवर बसून राहिले. मग माझा हात धरून म्हणाले, "चल, आयेकडे सोडतंय तुका."

आम्ही कोळीवाड्यात पोचलो तेव्हा दिवेलागण झाली होती. गल्लीच्या तोंडाशी बायकांचा घोळका आणि त्याच्या मधोमध आई, केस सुटलेले. मामा पोलीस चौकीत गेला होता. आईने मला ओढून पोटाशी धरलं ते मला श्वास घेता येईना इतकं. बाबांना ती एक शब्द बोलली नाही. बायकांनी मात्र काय बोलायचं ते सगळं बोलून घेतलं. बाबांनी ऐकून घेतलं, ट्रंक उचलली आणि चालू लागले. डेपोत काय झालं ते त्यांनी सांगितलं नाही. मला कुणी विचारलं नाही, आणि सगळे इतके चिडलेले बघून मीही तोंड उघडलं नाही.

त्या प्रसंगानंतर आईने मामाला शाळा सुटायच्या आधीच फाटकाशी जाऊन उभं राहायला लावलं. बाजारात तिच्याकडे शिवाजी पार्कला राहणाऱ्या एक बाई मासे घ्यायला यायच्या. नीटनेटकी सुती साडी, हातात कापडी पिशवी, बोलणं अगदी पुस्तकातल्यासारखं. फोर्टातल्या कोर्टात त्या वकिली करायच्या. आम्ही त्यांना वकीलबाईच म्हणायचो. एका सकाळी कोलंबी निवडता निवडता आईने त्यांना सगळं सांगितलं आणि रविवारी आम्ही दोघी त्यांच्या घरी गेलो.

त्या घरात पंख्याचासुद्धा आवाज येत नव्हता. वकीलबाईंनी मला लाडू दिला आणि बाल्कनीत बसवलं. दार उघडंच होतं, त्यामुळे सगळं ऐकू येत होतं.

"कायद्याने मुलीचा नैसर्गिक पालक बाप असतो," वकीलबाई म्हणाल्या. "आई त्याच्यानंतर."

"पाळते मी, आणि पालक तो?" आई उसळली.

"कायद्यात तसं लिहिलंय. मला काही ते पटत नाही. पण ताबा कोणाकडे द्यायचा हे ठरवताना कोर्ट सगळ्यात आधी मुलीचं हित बघतं. बापाचा हक्क नव्हे, आईचाही नव्हे. तिचं हित."

ताबा हा शब्द मी तोवर फक्त खोलीच्या बाबतीत ऐकला होता. चाळीत कुणी खोली बळकावली की ताब्यावरून मारामाऱ्या व्हायच्या. आपल्यालाही कुणीतरी कुलूप लावून किल्ली कनवटीला खोचणार असं मला वाटलं आणि लाडू मी तसाच हातात धरून ठेवला.

"पोटगीही मागू," वकीलबाई म्हणाल्या.

"संपावरच्या माणसाकडे काय मागायचं?" आई म्हणाली. "माझे हात हायत की धड."

"तुमच्यासाठी नाही मागत. वडिलांनी आपल्याला पोसावं हा मुलीचा हक्क आहे. आज त्यांना जमत नसलं तरी तो हक्क बुडत नाही. आणि तिच्या वतीने तो सोडून द्यायचा अधिकार तुम्हालाही नाही."

आईने पदर खोचून घेतला. मग म्हणाली, "लिवा मग."

अर्ज दाखल झाला. त्यात डेपोच्या प्रसंगाबद्दल लिहिलं होतं की बापाने मुलगी पळवून नेण्याचा प्रयत्न केला. निकाल लागेपर्यंत कोर्टाने एक तात्पुरती सोय केली. पंधरा दिवसांतून एकदा बाबांनी मला कोर्टाच्या आवारातच, आईच्या देखत भेटायचं.

तो कोर्टाचा व्हरांडा मला अजून दिसतो. लांबच लांब, उंच छताचा. काळे कोट भराभर ये-जा करायचे, कधी बेड्या घातलेला एखादा माणूस पोलिसाबरोबर जायचा. एका बाकावर मी आणि बाबा, दुसऱ्या टोकाच्या बाकावर आई. बाबा इस्त्रीचा शर्ट घालून यायचे, दाढी गुळगुळीत. खिशातून उकडलेल्या शेंगा काढायचे आणि आम्ही टरफलं रुमालात गोळा करत शेंगा खायचो. पहिल्या भेटीत बाबांनी विचारलं, "अभ्यास?" मी म्हटलं, "चाललाय." पुढच्या वेळी मी गणिताची वही घेऊन गेले. बाबा सातवीपर्यंत शिकलेले, पण व्यवहारी अपूर्णांक त्यांना फार छान यायचे. कापडाच्या तागाची उदाहरणं देऊन ते समजावायचे. शिपाई येऊन म्हणाला की इथे शाळा भरवू नका, तर बाजूला बसलेले एक म्हातारे वकील त्याच्यावरच डाफरले. व्यवहारी अपूर्णांक मी कोर्टात शिकले, हे पुढे मी वर्गात सांगितलं तर कुणाला खरं वाटेना.

कुठल्याही भेटीत बाबा आईविरुद्ध बोलले नाहीत. आईही घरी मला बाबांबद्दल काही विचारायची नाही. फक्त एकदा म्हणाली, "बारीक झालाय ना?" आणि मी हो म्हटल्यावर उगाचच भांडी आपटू लागली.

मग एक दिवस न्यायाधीशांनी मला एकटीला आपल्या खोलीत बोलावलं. वकीलबाईंनी बजावलं होतं, "खरं असेल ते सांग. आईला बरं वाटावं म्हणून काही सांगू नकोस, बाबांना बरं वाटावं म्हणूनही नको." न्यायाधीश वयस्कर होते. त्यांनी चष्मा काढून टेबलावर ठेवला, त्यामुळे माझी भीती निम्मी झाली. एका कोपऱ्यात त्यांचा लेखनिक बसला होता.

तुला आई हवी की बाबा, असं ते विचारतील म्हणून मी रात्रभर धास्तावले होते. त्यांनी ते विचारलंच नाही.

"शाळेत कोण सोडतं?" त्यांनी विचारलं.

"मामा."

"आणि वेणी कोण घालतं?"

"आई. बाबांना येत नाही."

"शिकवली तर येईल?"

मी विचार केला. "येईल. पण ते घट्ट ओढतील."

ते हसले. मग म्हणाले, "एसटी डेपोत त्या दिवशी काय झालं, ते आठवतंय?"

मी सगळं सांगितलं. वडा, ट्रंक, फ्रॉक, पायरी. मी आईला विचारून येते म्हटलं तेही.

"गाडी समोर उभी होती?"

"हो. कंडक्टर ओरडला पण. बाबांनी पाय ठेवला होता वर. मग काढला."

"आणि मग?"

"मग म्हणाले, आईकडे सोडतो. आणि सोडलं."

त्यांनी आई, बाबा आणि दोन्ही वकिलांना आत बोलावलं. माझं सांगणं लेखनिकाने वाचून दाखवलं. न्यायाधीश बाबांना म्हणाले, "तुमच्या लेखी उत्तरात हे कुठेच नाही. का सांगितलं नाहीत?"

बाबांनी मान खाली घातली. "काय सांगू साहेब? आईला न विचारता पोरीला डेपोपर्यंत नेली, ती नेलीच ना."

आईने बाबांकडे बघितलं. इतक्या महिन्यांत ती त्यांच्याकडे असं सरळ पहिल्यांदाच बघत होती. मग ती वकीलबाईंकडे वळली आणि साहेबांसमोरच म्हणाली, "ते पळवून नेलं लिवलंय ना, ते काढा."

वकीलबाईंनी ते वाक्य तिथल्या तिथे मागे घेतलं. त्यानंतर फारसं भांडण उरलंच नाही. निकाल लागला त्या दिवशी घरी परतताना मी वकीलबाईंना विचारलं, "मी कोणाला मिळाले?"

"कुणालाच मिळाली नाहीस," त्या म्हणाल्या. "वस्तू आहेस का तू? राहायचं आईकडे. दर रविवार बाबांचा. गणपती आणि मे महिना गावी. शाळेचं, दवाखान्याचं दोघांनी मिळून ठरवायचं. बाबांना काम लागलं की तुझ्या शिक्षणाचा खर्च त्यांनी उचलायचा. यातलं काही कुणी केलं नाही, तर तू मला येऊन सांगायचंस."

आता प्रश्न आला, बाबांनी मला रविवारी घ्यायचं कुठून? कोळीवाड्यात यायला ते धजत नव्हते, तिथल्या बायकांचं बोलणं त्यांच्या कानात ताजं होतं. करी रोडला मला सोडायला आईला वेळ नव्हता, रविवारची सकाळ म्हणजे मासळीच्या धंद्याची ऐन वेळ. शेवटी आई म्हणाली, "माझ्याबरोबर बाजारात येईल, तिथून ने म्हणावं."

पहिल्या रविवारी बाबा लालबागच्या बाजाराच्या तोंडाशीच उभे राहिले. आत येईनात. मी लांबून हात हलवत होते. आई पापलेट साफ करता करता मला म्हणाली, "जा, घेऊन ये त्याला. आत यायला काय चिखल लागतोय काय?" मी त्यांना हाताला धरून आणलं. आईच्या समोर ही गर्दी. "थांब जरा, गिऱ्हाईक हाय," आई म्हणाली आणि बाबा थांबले. ओळखीतला एक गिरणीवाला तिथे मासे घ्यायला आला होता. तो बाबांना बघून अवघडला आणि बाबा त्याला बघून अवघडले. मग तो माणूस आईला म्हणाला, "वैनी, बांगडे ताजे आहेत ना?" आईने उत्तर द्यायच्या आत बाबांच्याच तोंडून गेलं, "अरे, कल्ले बघ की लालभडक!"

आईने मान वर केली नाही, पण तिला हसू आवरत नव्हतं ते मी खालून बघत होते.

पुढे पुढे बाबा वेळेआधीच येऊ लागले. बर्फ फोडून द्यायचे, पाण्याची बादली भरून आणायचे, आणि आईचा हात मोकळा झाला की मला घेऊन निघायचे. सुरुवातीचे रविवार कठीण गेले. पोरीबरोबर अख्खा दिवस काय करायचं हे त्यांना माहीत नव्हतं. आम्ही शिवाजी पार्कला जाऊन नेटमध्ये खेळणाऱ्या मुलांना बघत बसायचो. तिथल्या कट्ट्यावर बाबा वेणी घालायला शिकले. आधी एक बाजू वर, एक खाली. फिरायला आलेल्या एका आजींना ते बघवेना, त्यांनी जवळ येऊन पेड कसे धरायचे ते दाखवलं. दुपारी खोलीवर जेवण. बाबांचा पहिला भात खाली लागला आणि वरून कच्चा राहिला. मग मी आईला विचारून विचारून माशांच्या कालवणातलं तिखट, चिंच, तिरफळं यांचं प्रमाण बाबांना सांगायचे. आई मुद्दाम एक गोष्ट चुकीची सांगते की काय असा बाबांना संशय होता, पण कालवण चांगलं व्हायला लागलं.

संप मिटला असं कुणी जाहीर केल्याचं मला आठवत नाही. बाबांच्या गिरणीने त्यांना परत घेतलं नाही. वर्ष-दीड वर्षाने त्यांना गिरगावात ऑपेरा हाउसजवळच्या एका इमारतीत लिफ्टमनची नोकरी लागली. खाकी कपडे घालून दिवसभर खाली-वर करायचं. मला वाटलं होतं त्यांना कमीपणा वाटेल. ते म्हणाले, "मागाचो आवाज नाय, रुईची धूळ नाय. आणि सगळे आपणहून रामराम करतात." त्या महिन्यापासून माझ्या शाळेचा खर्च बाबांनी उचलला, कुणी आठवण करून न देता. आईने तो घेतलाही, कुरकुर न करता. रविवार कधीकधी गिरगाव चौपाटीवर जाऊ लागले.

चाळीतली पोरं मला 'वाटून घेतलेली' म्हणून चिडवायची. दोन-चारदा रडले. पण मे महिन्यात गावी जाताना आई स्वतः परळच्या डेपोत सोडायला यायची, सुक्या बोंबलांची पिशवी आजीसाठी द्यायची आणि बाबांना दहादा बजावायची की खिडकीपाशी बसवू नको, वारा लागतो. तेव्हा मला माझ्यात काही कमी आहे असं वाटत नसे. उलट, ज्यांच्या आईबापांत रोज भांडणं व्हायची त्या मैत्रिणी माझ्या रविवारची चौकशी करायच्या.

आई-बाबा पुन्हा एकत्र राहिले नाहीत. मी तशी आशा बराच काळ धरून होते. दहावीत असताना एकदा आईला विचारलंही. ती जाळ्यातून काढलेली बोयटं वेगळी करत होती. म्हणाली, "बाये, लांबून तो मना आवडतो. एका खोलीत आम्ही एकमेकांना खाऊ." तिच्या आवाजात कडवटपणा नव्हता. मी तो विषय पुन्हा काढला नाही.

माझं लग्न ठरलं तेव्हा नातेवाइकांत कुजबुज सुरू झाली की कन्यादानाला बसणार कोण. मामा-मामींना बसवा असं कुणीतरी सुचवलं. आई म्हणाली, "आईबाप जिवंत असताना मामा कशाला?" दादरच्या एका छोट्या हॉलमध्ये लग्न झालं. आई नऊवारीत, कपाळभर कुंकू लावून, बाबांच्या शेजारच्या पाटावर बसली. भटजी मंत्र म्हणत होते. मध्येच मला आईचा दबका आवाज ऐकू आला.

"काय खाल्लंस की नाय सकाळपासून?"

"उपास असता कन्यादानाचो," बाबा पुटपुटले.

"माझा पण हाय. पण चहा चालतो. मी घेतला."

"माका कोणी सांगूक नाय."

आईने तिथूनच मामीला खूण केली आणि भटजींचा मंत्र संपेस्तोवर बाबांच्या हातात चहाचा पेला आला. भटजी वैतागले. बाबांनी दोन घोटांत चहा संपवला, पेला पाटाखाली सरकवला आणि पाण्यासाठी ओंजळ पुढे केली. आईने तिच्यावर पाण्याची धार धरली. मी खाली मान घालून बसले होते. सासरच्यांना वाटलं, मुलगी रडतेय.